परदेशी सहकाऱ्याच्या ‘हो’मधला नकार कसा ओळखावा

दुसऱ्या देशातल्या लोकांबरोबर काम सुरू होणार म्हटलं की कुणीतरी एक यादी पाठवतं: कुठे वाकून अभिवादन करतात, व्हिजिटिंग कार्ड कोणत्या हातानं घ्यायचं, कोणता हातवारा अपमानाचा समजतात. ही यादी पाठ करण्यात वेळ घालवू नका. कार्ड चुकीच्या हातानं घेतलं म्हणून माझं एकही काम अडलेलं नाही, परक्या माणसाला एवढी सूट सगळीकडे मिळते. काम अडतं ते वेगळ्याच कारणानं. समोरच्यानं ‘नाही’ सांगितलेलं असतं आणि आपल्याला ते ऐकूच आलेलं नसतं.

१. तारखा आणि वेळा. ०३/०४ म्हणजे अमेरिकेत ४ मार्च आणि इतर बऱ्याच देशांत ३ एप्रिल. म्हणून महिना अक्षरांत लिहा, वेळेपुढे शहराचं नाव लिहा. सुट्ट्याही बघून घ्या. सौदी अरेबियात २०१३ पासून आठवड्याची सुट्टी शुक्रवार-शनिवार असते.

२. शब्द. दोघांनाही इंग्रजी येतं म्हणून निर्धास्त राहू नका. एखादा मुद्दा ‘टेबल’ करू म्हटलं की ब्रिटिश माणूस तो चर्चेला घेतो आणि अमेरिकन माणूस बाजूला ठेवतो. असे शब्द सरळ टाळा.

३. आपली सवय ओळखा. अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञ एडवर्ड हॉल यांनी १९७६ मध्ये केलेली विभागणी अजूनही कामाची आहे. काही समाजांत सांगायचं ते सगळं शब्दांत सांगतात. काही समाजांत बराचसा अर्थ नात्यावर, हुद्द्यावर, प्रसंगावर आणि गप्प राहण्यावर सोडलेला असतो. पहिल्यांना दुसरे आडपडद्यानं बोलणारे वाटतात, दुसऱ्यांना पहिले उद्धट वाटतात. आपण यात कुठे बसतो ते आधी ठरवा, म्हणजे समोरच्याबद्दलचं निम्मं मत आपोआप मवाळ होतं.

४. ‘नाही’ ऐकणं. मी सगळ्यात जास्त चुकले ती ही पायरी.

एका जपानी टीमला मी व्हिडिओ कॉलवर विचारलं, “पंधरा तारखेपर्यंत होईल ना?” त्यांच्या प्रमुखानं दातांतून हळूच श्वास आत ओढला, मान किंचित कलती केली आणि म्हणाला, “हाय... थोडं कठीण आहे. विचार करून बघतो.” मी टिपणात लिहिलं: पंधरा तारीख मान्य. पंधराला काहीच आलं नाही. चिडून तो कॉल पुन्हा आठवून पाहिला तेव्हा दिसलं, त्या माणसानं मला एकदा नव्हे, दोनदा नकार कळवला होता. ‘हाय’ म्हणजे जपानीत ‘हो’, पण इथे फक्त ‘ऐकतो आहे’, ‘कठीण आहे’ म्हणजे ‘जमणार नाही’ आणि ‘विचार करतो’ म्हणजे ‘हा विषय आता थांबवूया’. आपणही ‘बघू’ म्हणतो तेव्हा काय सांगत असतो ते आपल्याला ठाऊक असतं. परक्या भाषेतलं ‘बघू’ मात्र मी शब्दशः घेतलं होतं.

यावर हमखास मिळणारा सल्ला म्हणजे “स्पष्ट सांगा, हो की नाही?” असं विचारा. हा सल्ला मानू नका. चारचौघांत, वरिष्ठांसमोर असं कोंडीत पकडलं की ज्याला तोंडावर नकार देणं असभ्यपणाचं वाटतं तो ‘हो’च म्हणणार. त्या ‘हो’वर तुम्ही पुढचं वेळापत्रक बांधणार आणि तो माणूस तुमच्यापासून आणखी दूर जाणार. मी हे दोनदा केलं आहे. दोन्ही वेळा तारीख चुकली, आणि एकदा तर चांगला सहकारी दुरावला.

पहिलं, प्रश्नच बदला. “होईल ना?” ऐवजी “यातलं आधी काय हातात घ्याल?”, “कुठे वेळ लागेल?”, “पंधराला द्यायचं असेल तर कोणतं काम मागे ठेवावं लागेल?” असं विचारा. ज्याला जमणार आहे तो लगेच तपशिलात शिरतो. ज्याला जमणार नाही त्याला ‘नाही’ हा शब्द न उच्चारता अडचण सांगायला जागा मिळते. दोन पर्याय द्या आणि दोन्ही चालतील असं मनापासून म्हणा. “समजलं का?” हा प्रश्न तर कायमचा सोडून द्या, त्याचं उत्तर जगभर ‘हो’ असंच येतं. नकारार्थी प्रश्नही नको. “शुक्रवारी पाठवणार नाही का?” याला जपानी माणूस ‘हो’ म्हणाला तर तो ‘बरोबर, पाठवणार नाही’ असं सांगत असतो.

दुसरं, मोठ्या बैठकीच्या आधी एकेकाला वेगळं विचारा. जपानीत याला ‘नेमावाशी’ म्हणतात. मूळ शब्द बागकामातला, झाड हलवण्याआधी त्याची मुळं चहूबाजूंनी मोकळी करून ठेवण्याचा. बैठकीत फक्त ठरलेल्या गोष्टीवर मान डोलते. खरी हरकत आधीच, खासगीत निघालेली असते. जिथे वरिष्ठासमोर कनिष्ठ बोलत नाही अशा कुठल्याही देशात ही पद्धत चालते.

तिसरं, उशीर ऐका. २००९ मध्ये दहा भाषांतल्या गप्पांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. प्रश्न संपल्यावर उत्तर सुरू व्हायला जपानीत सरासरीनं सर्वांत कमी वेळ लागला, डॅनिशमध्ये सर्वांत जास्त, आणि दोघांत अर्ध्या सेकंदाचंही अंतर नव्हतं. होकारापेक्षा नकार रेंगाळत येतो, हे मात्र सगळीकडचंच. म्हणून प्रश्न विचारल्यावर गप्प बसा. ती शांतता सहन होत नाही म्हणून आपणच “म्हणजे जमेल, हो ना?” अशी पुस्ती जोडतो आणि येऊ घातलेला नकार परत आत ढकलतो.

सौम्य शब्दांची किंमत किती असू शकते याचं एक उदाहरण मी नव्या सहकाऱ्यांना नेहमी सांगते. २५ जानेवारी १९९० रोजी कोलंबियाहून न्यूयॉर्कला येणारं एव्हियांका ५२ हे विमान खराब हवामानामुळे तासाभराहून जास्त आकाशात घिरट्या घालत राहिलं. इंधन संपत आल्याचं वैमानिकांनी सांगितलं, ‘प्रायॉरिटी’ मागितली, पण ‘इमर्जन्सी’ हा शब्द वापरला नाही. तो न ऐकल्यामुळे नियंत्रकांना प्रसंगाचं गांभीर्य कळलं नाही. इंधन संपून विमान कोसळलं, ७३ जण गेले. यात सगळा दोष संस्कृतीचा असं मी म्हणत नाही, कारणं अनेक होती. पण सांगणाऱ्याला वाटतं सांगून झालं आणि ऐकणाऱ्यापर्यंत ते पोचतच नाही, ही गोष्ट इथे लख्ख दिसते.

आणि एक कळकळीची सूचना. हे वाचून समोरच्या प्रत्येक जपानी माणसाच्या ‘हो’वर संशय घेऊ नका. डच समाजमानसशास्त्रज्ञ खेर्ट हॉफस्टेड यांनी १९६७ ते १९७३ दरम्यान आयबीएमच्या कर्मचाऱ्यांकडून भरून घेतलेल्या लाखाहून अधिक प्रश्नावल्यांवरून देशोदेशींच्या संस्कृतींची तुलना केली. ते आकडे देशाच्या सरासरीचे आहेत, एकेका माणसाचे नव्हेत, हे त्यांनी स्वतःच बजावलं होतं. देशावरून फक्त पहिला अंदाज बांधा. दुसऱ्या-तिसऱ्या बोलण्यात तो माणूस कसा आहे ते दिसतं, मग त्याच्याच तऱ्हेनं चला.

५. उलट दिशा. डच किंवा जर्मन सहकारी “हे चूक आहे” एवढंच म्हणाला तर तो कामाबद्दल बोलतोय, तुमच्याबद्दल नाही. त्याला लिहिताना मुद्दा पहिल्याच वाक्यात घाला.

६. लेखी टिपण. त्याच दिवशी पाठवा, पण ‘मसुदा’ म्हणून, आणि खाली लिहा: “माझ्याकडून काय चुकीचं समजलं गेलंय ते दुरुस्त करा.” कायम झालेल्या टिपणाला आक्षेप घेणं म्हणजे तुम्हाला खोटं पाडण्यासारखं वाटतं, पण मसुद्यात तारीख बदलणं सोपं असतं. त्या जपानी टीमला पुढच्या वेळी मी असाच मसुदा पाठवला. तो तासाभरात परत आला, पंधराच्या जागी बावीस लिहून.