जुन्या ॲक्सेस पॉइंटचे फर्मवेअर चढवण्यापूर्वी
सिस्को एअरोनेटच्या १६००, २६००, ३६०० किंवा १७००, २७००, ३७०० या मालिकांतील ॲक्सेस पॉइंट (वाय-फाय देणारी उपकरणे) कंट्रोलरखाली, म्हणजे त्यांना एकत्र चालवणाऱ्या यंत्राखाली, चालत असतील आणि त्यांचे फर्मवेअर (आतले सॉफ्टवेअर) बदलायचे असेल, तर सर्वांत आधी कंट्रोलरवरची तारीख पाहावी. या उपकरणांच्या इमेजवरील, म्हणजे फर्मवेअरच्या फाइलवरील, डिजिटल सही तपासण्यासाठी लागणारे प्रमाणपत्र ४ डिसेंबर २०२२ रोजी संपले. जुन्या आवृत्तीवरचा ॲक्सेस पॉइंट त्यामुळे नवी इमेज उतरवतो, ती नाकारतो आणि पुन्हा उतरवू लागतो. मागच्या खेपेला आमच्याकडे नेमके हेच राहिले आणि सकाळपर्यंत निम्मी इमारत ‘डाउनलोडिंग’ याच अवस्थेत होती.

म्हणून एनटीपी (नेटवर्कवरून घड्याळ जुळवणारी सेवा) बंद करावे आणि मगच तारीख ४ डिसेंबर २०२२ च्या मागे न्यावी. क्रम उलटा केल्यास घड्याळ आपोआप पुन्हा आजवर येते. तारीख फार मागेही नेऊ नये, कारण उपकरणाच्या निर्मितीपूर्वीची तारीख दिसली की त्याचे स्वतःचे प्रमाणपत्र अवैध ठरते. कारखान्यात बसवलेल्या त्या प्रमाणपत्राची मुदत साधारण १० वर्षांची असते आणि ती संपली असल्यास तिकडे दुर्लक्ष करण्याची वेगळी आज्ञा कंट्रोलरवर आहे. त्या आज्ञेने इमेजच्या सहीचा प्रश्न सुटत नाही. तारीख मागे न्यावीच लागते.

कंट्रोलरच्या एअरओएस या सॉफ्टवेअरची आवृत्ती निवडताना १६००, २६००, ३६०० साठी ८.५ ही शेवटची शाखा आणि १७००, २७००, ३७०० साठी ८.१० ही शेवटची, हे ध्यानात ठेवावे. दोन्ही पिढ्या एकाच कंट्रोलरवर असतील, तर जुन्या पिढीची मर्यादा सगळ्यांना लागू होते. कॉन्फिगरेशनचा बॅकअप आणि फाइलचा चेकसम (फाइल अखंड उतरली का ते पडताळणारा आकडा) यांविषयी वेगळे सांगायला नको.

नागपुरात हे काम मे महिन्यात दुपारी काढू नये. पारा ४५ अंशांवर असताना फॉल्स सीलिंगमध्ये डोके घालून कोणी नीट विचार करत नाही, आणि संध्याकाळी वावटळ उठून वीज गेली तर उपकरणाच्या फ्लॅश मेमरीवर लिहिणे अर्ध्यावर थांबते. ॲक्सेस पॉइंटना नेटवर्क केबलमधूनच वीज देणारा पीओई स्विच यूपीएसवरच हवा.

अडकलेल्या उपकरणासाठी कन्सोल केबल (लॅपटॉप थेट उपकरणाला जोडणारी) जवळ ठेवावी, वेग ९६०० बॉड. मोड बटण दाबून वीज द्यावी आणि दिवा लाल होईपर्यंत, म्हणजे २० ते ३० सेकंद, बोट काढू नये. उपकरण १०.०.०.१ हा पत्ता घेते, तेव्हा लॅपटॉपला १०.०.०.२ द्यावा आणि फायरवॉल बंद ठेवावी. लॅपटॉपवरच्या टीएफटीपी सर्व्हरवरून उपकरण इमेज उचलते; तिथल्या फाइलचे नाव ‘टार.डिफॉल्ट’ने संपले पाहिजे. विंडोज खरे एक्स्टेन्शन लपवते, तेथे फसगत होते. ‘के९डब्ल्यू७’ इमेज स्वतंत्र चालणाऱ्यासाठी, ‘के९डब्ल्यू८’ कंट्रोलरखालच्यासाठी. आणि तारीख? पुन्हा एकदा पाहावी.

इमेज चढली की सर्वांची आवृत्ती जुळवावी, एनटीपी सुरू करावे, तारीख आजची झाली का ते पाहावे. ती मागेच राहिल्यास नंतर घेतलेले नवे ॲक्सेस पॉइंट जोडले जाणार नाहीत.