अपक्ष म्हणून लोकसभेला उभं राहायचंय? आधी दहा माणसं जमवा

आमच्या देवगड तालुक्यातल्या एक ताई रत्नागिरी-सिंधुदुर्गातून अपक्ष उभ्या राहिल्या, तेव्हा त्यांचा निवडणूक प्रतिनिधी म्हणून कागदपत्रं आणि हिशेब मी सांभाळले. विकास सोसायटीत सचिव म्हणून नोकरी केलेली असल्याने वह्यांची सवय होती. अजूनही कोणी ना कोणी विचारायला येतं आणि पहिला प्रश्न पैशांचाच असतो. मी त्यांना सांगतो, पैशांचं मागाहून बघू, आधी सूचक, म्हणजे उमेदवार म्हणून तुमचं नाव सुचवून अर्जावर सही करणारे, कोण ते सांगा.

मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला एक सूचक पुरतो. अपक्षाला दहा लागतात आणि ते दहाही त्याच मतदारसंघाचे मतदार असावे लागतात. उमेदवाराचं स्वतःचं नाव देशातल्या कुठल्याही लोकसभा मतदारसंघात असलं तरी चालतं, फक्त ते दुसरीकडे असेल तर तिथल्या यादीची प्रमाणित प्रत जोडायची. वय २५ पूर्ण हवं. दहाही सह्या आपल्याच वाडीत एका संध्याकाळी मिळतात, पण तसं करू नका. चिपळूण, रत्नागिरी, राजापूर, कणकवली, कुडाळ, सावंतवाडी या सहाही विधानसभांतून सूचक घ्या. कायदा तसं सांगत नाही, मी सांगतो. सावंतवाडी विधानसभेतल्या दोडामार्गात तुमच्यासाठी सही करणारा एक माणूस मिळत नसेल, तर मतदानाच्या दिवशी तिथल्या बूथवर तुमच्या बाजूने कोण बसणार? प्रत्येक सूचकाचा यादी भाग क्रमांक आणि अनुक्रमांक ताज्या यादीतून स्वतः बघून लिहा. एखादी आजी अंगठा उठवणार असेल तर तो निवडणूक निर्णय अधिकाऱ्यासमोर किंवा नेमलेल्या अधिकाऱ्यासमोरच उठवावा लागतो. घरी घेतलेला अंगठा चालत नाही. अर्जाचे चार संच भरता येतात. चारही भरा आणि सूचक वेगवेगळे ठेवा. एका संचात सूचकाचा घोळ निघाला तरी दुसरा तगतो.

आता शपथपत्र, म्हणजे नमुना २६. आपल्या कोकणात सगळ्यात जास्त वेळ यातच जातो. सातबारावर आजोबांपासूनची वीस-पंचवीस नावं, अर्धे चुलतभाऊ मुंबईला, वाटणी तोंडी झालेली. पण शपथपत्रात तुमचा हिस्सा आणि त्याची आजची किंमत लिहावीच लागते. पती किंवा पत्नीचं आणि अवलंबितांचंही तसंच. म्हणून निवडणूक जाहीर होण्याची वाट न बघता दोन-तीन महिने आधी तलाठ्याकडून उतारे काढा, कलमांची बाग, घर, दागिने, सोसायटीचं कर्ज, आयकर विवरणपत्रं, सगळं एका फायलीत लावा. एकही रकाना कोरा ठेवू नका. जिथे काही नाही तिथे ‘निरंक’ किंवा ‘लागू नाही’ लिहा. कोरा रकाना दाखवून दिल्यावरही तो भरून दिला नाही, तर छाननीत अर्ज जातो. गुन्हे नोंद असतील तर ते लपवू नका. ते वर्तमानपत्रात आणि टीव्हीवर तीन वेळा जाहीर करावे लागतात आणि तो खर्चही तुमच्याच खात्यात धरतात.

अर्ज भरण्याच्या किमान एक दिवस आधी निवडणुकीसाठी वेगळं बँक खातं उघडा. अनामत २५,००० रुपये, अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवाराला १२,५००. एकूण वैध मतांच्या एक षष्ठांशाहून जास्त मतं पडली नाहीत तर ती जप्त होते. नऊ लाख वैध मतं झाली तर दीड लाखाच्या वर मतं हवीत. हा आकडा घरच्यांना आधीच सांगून ठेवा.

अर्ज सकाळी ११ ते दुपारी ३ याच वेळेत घेतात आणि सुट्टीच्या दिवशी घेत नाहीत. दोडामार्ग-वेंगुर्ल्याच्या माणसाने आदल्या रात्रीच रत्नागिरीत मुक्कामाला यावं, घाटावळणं आणि हायवेची कामं यांच्या भरवशावर राहू नये. अर्ज दिला की तिथेच शपथ घ्या. ती छाननीच्या आदल्या दिवसापर्यंत घेतलेली असायला लागते आणि धावपळीत नेमकी हीच गोष्ट मागे पडते.

चिन्हासाठी मुक्त, म्हणजे कुठल्या पक्षाला राखून न ठेवलेल्या, चिन्हांच्या यादीतून तीन पसंती द्यायच्या. एकाच चिन्हावर दोघे अडले तर चिठ्ठी टाकतात. घरातल्या म्हातारीला दाखवा, तिने न विचारता नाव सांगितलं तर ते चिन्ह घ्या. मतदान यंत्रावर आधी मान्यताप्राप्त पक्षांचे उमेदवार, मग नोंदणीकृत पक्षांचे, शेवटी अपक्ष, असा क्रम असतो. त्यामुळे प्रचारात चिन्हाबरोबर अनुक्रमांकही लोकांच्या तोंडी बसवावा लागतो. नामसाधर्म्य काय करतं ते शेजारच्या रायगडने २०१४ साली पाहिलंय. तिथे सुनील तटकरे २,११० मतांनी हरले आणि त्यांच्याच नावाच्या अपक्षाला नऊ हजारांवर मतं मिळाली. आता यंत्रावर फोटो असतो, म्हणून फोटो स्पष्ट आणि अलीकडचा द्या.

प्रचाराला दिवस फार थोडे मिळतात. २०२४ ला माघारीची मुदत २२ एप्रिलला संपली आणि ७ मे रोजी मतदान झालं. आंब्याचा भर हंगाम. दुपारी बागेत जाऊन कामात खोळंबा करू नका. पहाटे मिरकरवाड्यासारख्या बंदरावर, संध्याकाळी वाडीत. देवळाचा सभामंडप मोकळा दिसला तरी तिथे सभा घ्यायची नाही, आचारसंहितेत धर्मस्थळावर प्रचार बसत नाही. कुणाच्या तरी खळ्यात, घरमालकाची परवानगी घेऊन बसा. तिथे बायकाही येतात आणि पाण्याचं, रस्त्याचं, मच्छीमारांच्या डिझेल परताव्याचं मोकळेपणाने बोलतात. मे महिन्यात चाकरमानी गावी येतात, पण मत गावच्या यादीत आहे की मुंबईच्या, ते विचारून घ्या. रात्री दहानंतर लाऊडस्पीकर बंद. पत्रकावर मुद्रक-प्रकाशकाचं नाव आणि पत्ता असलाच पाहिजे.

खर्चाची मर्यादा ९५ लाख आहे. आपल्यासारख्याला ती गाठायची नसतेच, पण हिशेब तेवढाच कडक लागतो. अर्जाच्या दिवसापासून निकालाच्या दिवसापर्यंतचा प्रत्येक खर्च नोंदवहीत रोजच्या रोज चढवा. मित्राने फुकट दिलेली रिक्षा, कुणी पाजलेला चहा, यांचीही जिल्ह्याच्या दरपत्रकाप्रमाणे किंमत धरतात. पूर्ण निवडणुकीत एका माणसाला मिळून १०,००० रुपयांपेक्षा जास्त रोख देता येत नाही. प्रचारकाळात तीनदा वही तपासणीला न्यावी लागते.

सगळ्या बूथवर माणूस देणं अपक्षाला जमत नाही, ते मान्य करूनच यादी करा. जिथे बसवाल तिथे जबाबदार माणूस बसवा. मतदानाच्या दीड तास आधी अभिरूप मतदान, म्हणजे यंत्र तपासायचं सरावाचं मतदान, असतं, तेव्हा तो हजर पाहिजे. शेवटी नमुना १७-ग ची प्रत मागून घ्यायची, त्यात त्या केंद्रावर किती मतं नोंदली गेली ते असतं. मतमोजणीला तोच आकडा ताडून बघता येतो.

निवडून आलात तर एक लक्षात असू द्या, अपक्ष खासदाराने नंतर एखाद्या पक्षात प्रवेश केला तर राज्यघटनेच्या दहाव्या अनुसूचीप्रमाणे, म्हणजे पक्षांतरबंदीने, खासदारकी जाते. पडलात तरी निकालानंतर ३० दिवसांत जिल्हा निवडणूक अधिकाऱ्याकडे अंतिम हिशेब द्यावाच लागतो. तो दिला नाही तर तीन वर्षं निवडणूक लढवायला अपात्र ठरवू शकतात. ताईंचा हिशेब मी मूळ पावत्यांसह दिला, पोच घेतली आणि सगळ्याची झेरॉक्स त्यांच्या घरी ठेवली.