काल्पनिक धातुबाधा पटण्याजोगी करण्याची युक्ती

अद्भुत कथेतील धातूला झालेली बाधा लेखकाच्या सोयीने आली-गेली की वाचकाचा विश्वास उडतो. त्यावर उपाय म्हणजे खऱ्या धातूचा एखादा स्वभाव उचलून तोच ताणावा. पुण्यात कसबा पेठेतील तांबट आळीत घटकाभर उभे राहावे. ठोके पडत जातात तसे तांबे कठीण होते आणि भट्टीत तापवल्यावर पुन्हा मऊ पडते, यावरून ‘मार लक्षात ठेवणारे आणि केवळ अग्नीतच विसरणारे तांबे’ सहज सुचते. शुद्ध कथलाची तर १३.२ अंश सेल्सिअसखाली दीर्घकाळ राहिल्यास करडी भुकटी होऊ शकते, आणि पुण्यातील हिवाळी पहाट त्याहून थंड असते! मात्र बाधेवर उतारा एकच ठेवावा आणि तो कथेत आधीच दाखवून द्यावा.