लग्नात भाषणं कधी ठेवायची? मांडवात हमखास होणाऱ्या या चुका टाळा

खेड्यातलं लग्न उशिरा लागलं की सगळा दोष वरातीवर जातो. पोरं डीजेपुढून हलत नाहीत, हे खरंच. पण वरात मांडवात शिरल्यावरही अर्धा-पाऊण तास जातो, आणि तो बहुतेक वेळा माईकवर जातो. लग्न लावणारे महाराज विचारतात, "घ्यायचं का?" माईकवाला नवरीच्या काकांकडे पाहतो आणि काका रस्त्याकडे, कारण भाषणाला बोलावलेले साहेब "येऊनच रायले" असा फोन वीस मिनिटांपूर्वी आलेला असतो. तोवर कोणीतरी बोलत राहावं म्हणून गावातल्या एकाच्या हातात माईक दिला जातो. इथून पुढे सगळं बिघडतं.

भाषण पाहुण्याच्या गाडीला बांधणं

ही मुळातली चूक. भाषणाची वेळ घटकेपासून, म्हणजे मुहूर्ताच्या वेळेपासून, उलटी मोजून काढायची असते. समजा पत्रिकेत १२ वाजून १५ मिनिटं दिली आहेत. पाच-सहा मंगलाष्टकांना आठ ते दहा मिनिटं लागतात, म्हणजे अंतरपाट १२.०५ ला धरला गेला पाहिजे. मामा नवरीला घेऊन १२ ला निघाले पाहिजेत आणि अक्षता वाटायला त्याआधी पाच-सात मिनिटं हवीत. नवरदेव स्टेजवर बसल्यापासून अक्षता वाटायला सुरुवात होईपर्यंत जी मोकळी जागा उरते, तीच भाषणाची जागा. या हिशेबात ती ११.४० ते ११.५२, म्हणजे बारा मिनिटं. तीन-तीन मिनिटांची तीन भाषणं आणि माईक इकडून तिकडे जायला लागणारा वेळ, यापेक्षा जास्त त्यात बसत नाही.

याच जागेचा आग्रह का? नवरदेव आलेला असतो, वऱ्हाडी टेकलेले असतात, नवरी आत तयार होत असते, आणि त्या वेळी दुसरं काही करण्यासारखं नसतं. वरात यायच्या आधी भाषण ठेवलं तर ऐकायला फक्त नवरीकडची माणसं. वरपक्षाला वाटतं आपल्या माघारी कार्यक्रम उरकला. लग्न लागल्यावर ठेवलं तर अर्धा मांडव पंगतीकडे आणि अर्धा फोटोला रांगेत. तेव्हा चांगला वक्तासुद्धा रिकाम्या खुर्च्यांशी बोलतो.

अक्षता आधी वाटून मग भाषण सुरू करणं, ही दिसायला लहान पण फार नडणारी चूक. अक्षता तांदळाच्या असोत की ज्वारीच्या, मुठीत पडल्या की माणूस उभा राहतो. पोरं तिथूनच एकमेकांवर फेकायला लागतात. दहा मिनिटांनी खऱ्या "सावधान"ला अर्ध्या मुठी रिकाम्या असतात. म्हणून भाषणं संपल्याशिवाय अक्षतांची ताटं बाहेर काढू नयेत.

वरात उशिरा आली तर काय गाळायचं, हे आदल्या रात्रीच ठरवून माईकवाल्याला चिठ्ठीवर लिहून द्या. दहा मिनिटं उशीर झाला तर दोन्हीकडून मिळून एकच जण बोलेल. वीस मिनिटं झाला तर कोणीच बोलणार नाही, थेट मंगलाष्टकं. ऐन वेळी हा निर्णय कोणीच घेऊ शकत नाही, कारण समोर ज्याला नाही म्हणायचं तो एकतर सोयरा असतो, नाहीतर गावचा माणूस.

पत्रिकेत आधीच अडकणं

"प्रमुख उपस्थिती"खाली आठ नावं छापली की आठही जण मनात भाषण धरून येतात. उपस्थिती म्हणजे माईक नव्हे, हे त्यांना पत्रिका देतानाच सांगावं लागतं: "आशीर्वादाला या, बोलायला दोघंच ठेवले आहेत." गावात दोन गट असतील तर एका गटाच्या माणसाला माईक देऊन दुसऱ्याला गप्प बसवता येत नाही. अशा गावात गावकीतलं कोणीच बोलू नये. एक मुलीच्या घरचा, एक मुलाच्या घरचा, एवढंच. हा नियम कोणाच्याही तोंडावर सांगता येतो आणि त्यावर कोणी रुसत नाही. रुसलाच तर जेवण होईपर्यंत.

वेळ खाण्यात भाषणापेक्षा सत्कार पुढे आहे. नाव पुकारायचं, माणूस खुर्च्यांमधून वाट काढत येणार, शाल, श्रीफळ, फोटो: एकाला चाळीस सेकंद धरले तरी तीस जणांचे वीस मिनिटं होतात. सत्कार करायचेच असतील तर सोयऱ्यांच्या भेटी होतात तिथेच, मांडवाच्या दाराशी, माईकशिवाय उरका. आहेराची नावं माईकवरून वाचायची रीत जिथे अजून आहे, तिथे ती पंगती सुरू झाल्यावर वाचावीत. जेवता जेवता लोक आवडीने ऐकतात.

ज्या लग्नात घटका पाहत नाहीत, तिथे उलटी अडचण असते. बौद्ध पद्धतीच्या किंवा सत्यशोधकी लग्नात विधीचा अर्थ समजावून सांगणं हा विधीचाच भाग आहे, त्याला भाषणात मोजू नये. पण घटकेचा लगाम नसल्यामुळे त्यानंतरची मनोगतं लांबतात. आधी विधी पूर्ण करावा, मग दोन मनोगतं, आणि पंगतीची वेळ पत्रिकेतच छापावी. छापलेल्या वेळेचा धाक बोलणाऱ्यालाही असतो.

पंगत बसल्यावर माईक उघडणं

पात्र पडलं की भाषण बंद, याला अपवाद ठेवू नका. आठशे पानं, एका पंगतीला दोनशे माणूस, पंगतीला पस्तीस-चाळीस मिनिटं: चार पंगतींना अडीच तासांच्या आसपास जातात. पहिली पंगत बारा मिनिटं अडकली की ती बारा मिनिटं शेवटच्या पंगतीपर्यंत जातात, आणि शेवटच्या पंगतीत घरच्याच बाया आणि वाढणारी पोरं बसतात. मे महिन्यात अकोला, नागपूर, चंद्रपूरकडे पारा ४४-४५ वर असतो. पत्र्याच्या किंवा कापडी मांडवाखाली पोळ्या कडक होतात आणि मठ्ठा आंबतो. आचाऱ्याला भाषणाची वेळ माहीत नसेल तर तो घटकेवर भात उतरवतो आणि मग झाकून ठेवतो. त्यालाही वेळेची चिठ्ठी द्या.

कूलर आणि माईक

उन्हाळ्यातल्या लग्नात शेवटच्या रांगेला भाषण ऐकू येत नाही, कारण स्टेजजवळचे दोन मोठे लोखंडी कूलर माईकमध्येच घरघरत असतात. बोलणारा मग ओरडतो, माईकवाला आवाज वाढवतो, आणि स्पीकरचा बॉक्स शिट्टी मारतो. बारा मिनिटांपुरते फक्त ते दोन कूलर बंद करा, बाकीचे चालू ठेवा. बॉक्स माईकच्या पुढे, लोकांकडे तोंड करून हवेत. बोलणारा माईक घेऊन बॉक्सपुढे आला की शिट्टी वाजणारच. लाइट गेली तर जनरेटर सुरू होईपर्यंत थांबायचं नाही, महाराजांना पुढे घ्यायचं. मंगलाष्टकं माईकशिवायही होतात. आणि डीजेवाल्याला मांडवाच्या दारात मशीन बंद करायला लावणारा एक माणूस नेमून ठेवा. मांडवात माईक आणि दारात डीजे एकदम चालू असले की दोन्ही वाया.

गोरज आणि रात्रीचा स्वागत समारंभ

मेमध्ये सूर्य पावणेसातच्या सुमारास मावळतो, म्हणून गोरज मुहूर्तावरचं लग्न वेळेत लागलं तरी साडेसात होतात. इथे लग्नाआधी भाषण नकोच. रात्रीच्या स्वागत समारंभात ठेवायचं असेल तर पहिल्या अर्ध्या तासात ठेवा. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांप्रमाणे उघड्यावरचा लाउडस्पीकर रात्री दहाला बंद करावा लागतो. चंद्रपूर जिल्ह्यात ब्रह्मपुरी, सिंदेवाही, मूलकडे वाघाच्या भीतीने बाहेरगावची माणसं अंधार पडायच्या आत निघायचं पाहतात. तिथे दुपारचाच मुहूर्त आणि एकच भाषण बरं.

ऐन वेळी अडलं तर

बोलणारा थांबत नाही: चिठ्ठी पाठवून उपयोग नाही, तो ती वाचून खिशात ठेवतो. बोलायला उभं करतानाच सांगा, "मामाजी, तीन मिनिटांनी सनई लागेल." तीन मिनिटं झाली की माईकवाल्याने सनई हळू लावायची, आणि घरातल्या एखाद्या वडीलधाऱ्या बाईने जवळ येऊन सांगायचं, "नवरी निघाली." नवरी निघाल्यावर कोणी बोलत राहत नाही. लिहून आणणाऱ्याला आधीच सांगा, तीन मिनिटं म्हणजे सव्वातीनशे शब्द.

यादीत नसलेला माणूस माईक मागतो: माईक हातात देऊ नका, स्टँडवरच ठेवा. त्याच्या नावाने शुभेच्छा माईकवाल्याने वाचाव्यात, वीस सेकंदांत काम होतं.

साहेब लग्न लागल्यावर पोचतात: सरळ स्टेजवर न्या, नवरा-नवरीच्या डोक्यावर अक्षता, एक फोटो, मग पंगतीत मानाच्या पाटावर. माईक तोवर काढून ठेवलेला असावा, वायर गुंडाळून.