फारकतीचा कागद आणि मुलांची खावटी: या चुका टाळा

चोपड्याकडच्या एका बाईने मध्यंतरी प्लास्टिकच्या पिशवीतून स्टॅम्प पेपर काढून माझ्या टेबलावर ठेवला. ‘उभयतांची फारकत झाली असून मुले आईकडे राहतील व ती खावटी (पोटगी) मागणार नाही’ असा मजकूर, खाली पाच पंचांच्या सह्या, दोन अंगठे आणि नोटरीचा शिक्का. त्या कागदाच्या भरवशावर नवऱ्याने दुसरे लग्न केले होते आणि त्याच कागदाच्या धाकाने ही बाई चार वर्षे गप्प बसली होती.

हिंदू विवाह कायदा, १९५५ च्या कलम २९(२) ने रूढीनुसार होणारा घटस्फोट शाबूत ठेवला आहे हे खरे. परंतु आपल्या समाजात तशी जुनी आणि सलग चालत आलेली रूढी आहे, हे जो म्हणतो त्यालाच ते न्यायालयात सिद्ध करावे लागते, आणि नोटरीचा शिक्का हा त्याचा पुरावा नव्हे. रूढी सिद्ध झाली नाही तर पहिले लग्न कायम राहते आणि दुसरे शून्य ठरते. त्या दुसऱ्या लग्नातली मुले मात्र कलम १६ मुळे औरसच असतात. नंदुरबार, शिरपूर भागातील भिल्ल, पावरा कुटुंबांची गोष्ट वेगळी आहे, कारण केंद्र सरकारच्या अधिसूचनेशिवाय हा कायदा अनुसूचित जमातींना लागूच होत नाही. अर्ज लिहिण्यापूर्वी हे तपासले जात नाही, याचे मला नेहमी नवल वाटते.

‘आमचे पटत नाही’ हे कलम १३ खालील कारण नाही. क्रूरता, व्यभिचार, किमान दोन वर्षे सलग केलेला परित्याग, धर्मांतर अशी कारणे तिथे दिलेली आहेत, आणि ती तारीखवार घटनांनी मांडावी लागतात. सासरच्यांनी घराबाहेर काढलेली बाई माहेरी राहिली म्हणून तिनेच परित्याग केला, असे होत नाही. दोघांची संमती असेल तर कलम १३-ब आहे. त्यासाठी एक वर्ष विभक्त राहिलेले असावे लागते, आणि पुढची सहा महिन्यांची मुदत योग्य प्रकरणात माफ करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितले आहे.

सर्वांत महाग पडणारी चूक म्हणजे मुलांची खावटी फारकतीच्या सौद्यात घालणे. आईने स्वतःची खावटी सोडली तरी मुलाचा हक्क सुटत नाही, कारण तो तिचा नाहीच. तो मागण्यासाठी घटस्फोट होण्याची वाट पाहावी लागत नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खाली (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १२५) अर्ज करता येतो, आणि तो धर्म किंवा जमात पाहत नाही. मुलगी सज्ञान झाली, पण अविवाहित असून स्वतःचे पोट भरू शकत नसेल, तर हिंदू दत्तक व निर्वाह कायदा, १९५६ चे कलम २० तिच्या कामी येते.

‘नवरा शेती करतो, पगाराची स्लिप कुठून आणू?’ हा रावेर-यावलकडचा नेहमीचा प्रश्न. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा या निकालानंतर दोघांनाही मालमत्ता व देण्यांचे शपथपत्र द्यावे लागते. पण समोरचा त्यात ‘कोरडवाहू, उत्पन्न नाही’ एवढेच लिहील, हे गृहीत धरून सातबारा, त्यावरील पीकनोंद, केळी व्यापाऱ्याची पट्टी (विक्रीचा हिशेब) आणि फळपीक विम्याची रक्कम जमा झालेले खाते, जे सापडेल ते हाताशी ठेवावे. नवरा सुरतेला कामाला असेल तर त्याच्यामागे गुजरातेत जाण्याचे कारण नाही. बाई जिथे राहते तिथल्या न्यायालयात हा अर्ज चालतो. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावे. स्त्रिया आणि मुलांना तिथे उत्पन्नाची अट नाही.

आदेश हातात आला की अनेक जणी स्वस्थ बसतात. कलम १४४ च्या आदेशाची थकबाकी वसूल करण्यासाठी ती देय झाल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. दरमहा तीन हजारांचा आदेश असून तीस महिने काहीच मिळाले नाही आणि त्यानंतर अर्ज केला, तर नव्वद हजारांपैकी छत्तीस हजारांपुरतेच वॉरंट निघू शकते. थकबाकीपायी नवरा तुरुंगात जाऊन आला तरी रक्कम फिटत नाही, ती त्याच्या डोक्यावर राहतेच.