आपटा, कांचन आणि त्यांचं गणगोत: कुठलं झाड कुठलं ते कसं ओळखायचं

गुलाबी फूल म्हणजे कांचन आणि पांढरं फूल म्हणजे पांढरा कांचन, एवढ्यावर ज्यांचं भागतंय त्यांनी पुढं वाचायची गरज नाही. पण खरंच जात ठरवायची असेल तर रंग सगळ्यात शेवटी बघायचा, कारण बौहिनिया या जीनसमध्ये (म्हणजे जवळच्या जातींच्या गटात, आपटा-कांचन सगळे त्यातलेच) रंग लय फसवतो.

आधी झाड या गोतातलं आहे का ते बघा. पानाच्या शिरा देठाच्या टोकाला एकाच जागेवरून फुटतात आणि पान टोकाकडून मधोमध चिरलेलं असतं, दोन पाळ्या होतात. दिसलं ना, मग झालं, पुढं चला.

आता फूल. झाडाखाली पडलेलं ताजं फूल घ्या, उगाच फांदी ओढू नका. भिंग असलं तर बरं, नसलं तर मोबाईलचा कॅमेरा जवळ नेऊन फोटो काढा आणि मोठा करून बघा. पुंकेसर मोजायचे, पण ज्यांच्या टोकाला परागकोष आहे तेवढेच, बाकी जे बारीक दोऱ्यागत दिसतात ते वांझ असतात ते सोडून द्यायचे. ५ भरले तर बौहिनिया व्हेरिगाटा, म्हणजे आपला कांचन. ३ भरले तर बौहिनिया पर्प्युरिया, देवकांचन. पर्प्युरियात कधीमधी ४ पण सापडतात म्हणून एकाच फुलावर निकाल देऊ नका, दोन-चार फुलं मोजा. रक्तकांचन हे नाव लोक दोघांनाही लावतात, नर्सरीत तर विचारूच नका, त्यामुळं त्या नावावर अजिबात विसंबायचं नाही.

या दोघांचा सीझनही वेगळा आहे. व्हेरिगाटा होळीच्या आगंमागं फुलतो, तेव्हा झाडावर पानं जवळपास नसतातच, पाकळ्या रुंद आणि एकमेकीवर चढलेल्या. पर्प्युरिया दसरा-दिवाळीच्या सुमाराला भरल्या पानात फुलतो, पाकळ्या अरुंद आणि मधे फटी. कोल्हापुरात ताराबाई पार्कातनं चालताना कंपाउंडच्या वरनं असं झाड डोकावलं तर महिना कुठला चाललाय एवढं बघितलं तरी बराचसा अंदाज येतो.

पांढऱ्या फुलाला लोक हमखास चुकतात. व्हेरिगाटाचंच एक रूप पांढरं असतं, आणि बौहिनिया अक्युमिनाटा हा वेगळाच पांढरा कांचन, तो झाड नाही झुडूप आहे आणि त्याला १० पुंकेसर असतात. मोजलं की वाद मिटला.

हाँगकाँगच्या झेंड्यावर जे फूल आहे ते बौहिनिया ब्लेकियाना, पर्प्युरिया आणि व्हेरिगाटा यांचा संकर. त्याला शेंगच धरत नाही, कलमावरच वाढवतात. म्हणून जांभळट मोठ्या फुलांचं झाड वर्षानुवर्षं फुलतंय पण शेंग एकही नाही असं दिसलं तर ही शंका घ्यायला हरकत नाही.

आता आपटा, बौहिनिया रेसिमोसा. दसऱ्याला, म्हणजे जेव्हा आपल्याला त्याची गरज असते नेमकं तेव्हा, त्याला फूल नसतं, म्हणून पानावरच ओळखावा लागतो. पान लहान, जाडसर, लांबीपेक्षा रुंदी जास्त आणि मागची बाजू राखाडी. कांचनाचं पान मोठं, पातळ. दसरा चौकात सोनं लुटायची हौस सगळ्यांनाच, पण बाजारात कांचनाच्या फांद्या आपटा म्हणून सर्रास खपतात आणि त्यात दोन्ही झाडं उगाच ओरबाडली जातात, घ्यायचंच असेल तर चार पानं घ्या ना राव. उन्हाळ्यात आपट्याला बारकी, फिकट पिवळसर पांढरी फुलं येतात, पुंकेसर १०. आणि शेंग बघा, आपट्याची शेंग न फुटता तशीच झाडावर लोंबत राहते, कांचनाची वाळून तडकते आणि पीळ पडतो.

आपट्यासारखंच लहान पान पिवळ्या कांचनाचंही असतं, बौहिनिया टोमेंटोसा. पण ते झुडूप आहे, फूल घंटेगत खाली लोंबतं, पूर्ण उघडत नाही, आणि बऱ्याचदा आत एका पाकळीवर गडद डाग असतो.

नावांचा घोळ मात्र जरा समजून घ्या. जुन्या हिशोबानं बौहिनियात ३०० च्या वर जाती धरायचे, आता निम्म्याच्या आसपास राहिल्यात, कारण ताणे असलेल्या वेली बऱ्याचशा फेनेरा या जीनसमध्ये गेल्या, ज्याच्या पानांच्या मध्य भारतात पत्रावळ्या लावतात तो महावेल त्यातलाच. आणि काही झाडं पिलिओस्टिग्मात गेली, त्यातलं पिलिओस्टिग्मा फोव्हियोलाटम हे मोठ्या पानांचं झाड फक्त पश्चिम घाटात सापडतं, त्याची नर फुलं एका झाडावर आणि मादी फुलं दुसऱ्या झाडावर. तेव्हा राधानगरीकडं जंगलात कांचनासारखं पण भलतंच मोठं पान दिसलं तर गडबडीत कांचन लिहून मोकळं होऊ नका. वरची पातळीही बदललीय, पूर्वी हे सगळं गुलमोहराच्या उपकुलात मोडायचं, २०१७ पासून सर्सिडॉइडी हे वेगळं उपकुल धरतात. जुन्या पुस्तकात जुनं दिसेल तर गोंधळू नका. लंडनच्या क्यू वनस्पती उद्यानाच्या प्लँट्स ऑफ द वर्ल्ड ऑनलाइन या वेबसाइटवर जुनं नाव टाकलं की आत्ताचं मिळतं.

आयनॅचरलिस्टवर (झाडं-प्राण्यांचे फोटो टाकून ओळख पटवायचं ॲप) टाकणार असाल तर नुसता फुलाचा गोड फोटो नको. पानाची मागची बाजू, शेंग, पूर्ण झाड आणि पुंकेसर दिसतील असा एक जवळचा फोटो टाका, खाली पुंकेसरांचा आकडा आणि महिना लिहा. नुसत्या फुलावरून ॲप व्हेरिगाटा आणि पर्प्युरियात गल्लत करू शकतं, आकडा लिहिलेला असला की बघणाऱ्याला नाव दुरुस्त करायला सोपं जातं.