"तुमच्याच माणसाला दिले की पैसे!" असा वाद आला तर काय करायचं

माल गेला, बिल गेलं, पैसे आले नाहीत म्हणून तुम्ही फोन करता आणि समोरचा म्हणतो, अहो, तुमच्या वसुलीच्या माणसाला कधीच दिले. आणि तो माणूस दोन दिवस फोन उचलत नाहीये. इथे सगळ्यात मोठी चूक म्हणजे दोन भांडणं एकत्र करणं. त्याने पैसे खाल्ले का हे एक भांडण, गिऱ्हाइकाचं देणं फिटलं का हे दुसरं. फाईलसुद्धा वेगळ्या करा, कारण पहिलं सिद्ध झालं की दुसरं आपोआप तुमच्या बाजूने सुटतं असं नाही, उलट कधीकधी तुमच्याच अंगावर येतं.

कसं ते सांगतो. तो माणूस वर्षभर तुमच्या छापील पावत्या फाडून पैसे आणत होता आणि तुम्ही ते जमा करून घेत होतात, मग गिऱ्हाइकाने या वेळीही भरवसा ठेवला तर त्याचं काय चुकलं? इंग्लंडमध्ये लॉईड विरुद्ध ग्रेस, स्मिथ अँड कंपनी या केसमध्ये १९१२ साली हाऊस ऑफ लॉर्ड्सने असंच काहीसं धरलं होतं. वकिलांच्या फर्ममधल्या कारकुनाने अशील बाईंच्या फसवून सह्या घेतल्या आणि त्यांची घरं स्वतःच्या नावावर करून घेतली, फर्मला त्यातून काहीच मिळालं नव्हतं तरी फर्म जबाबदार ठरली, कारण असली कामं करायला त्याला फर्मनेच बसवलेलं. प्रत्येक देशाचा कायदा वेगळा असतो, पण हा प्रश्न सगळीकडे येतोच. मात्र पैसे त्याच्या पर्सनल खात्यात गेले असतील, किंवा रोख दिले आणि पावतीच घेतली नसेल, तर देणाऱ्याची बाजू बरीच लंगडी होते.

पैसे चुकीच्या खात्यात नुकतेच गेले असतील तर बाकी सगळं सोडा आणि आधी बँकेला फोन करा, एकदा ते पुढे सरकले की परत मिळणं फार अवघड. मग त्याचे लॉगिन बंद करा, पावतीपुस्तकं आणि शिक्के ताब्यात घ्या, पण लॅपटॉप फॉरमॅट करू नका, ईमेल डिलीट करू नका, पुरावा तिथेच असतो.

आता खरं काम. दोन्हीकडचे लेजर समोरासमोर ठेवून बिल नंबर, तारीख, रक्कम, कुठल्या खात्यात गेले, असं ओळीने जुळवा. स्क्रीनशॉट नको, बँकेचा खातेउतारा मागा. पावत्यांचे नंबर सलग आहेत का बघा. आणि एकाची टोपी दुसऱ्याला हा प्रकार हमखास तपासा, म्हणजे मागच्या महिन्यात ज्या गिऱ्हाइकाचे पैसे खाल्ले त्याच्या नावावर आज दुसऱ्याच गिऱ्हाइकाकडून आलेले पैसे टाकायचे, अशाने महिनोन्महिने बाकी ठीकठाक दिसते आणि तो माणूस सुट्टीवर गेला की सगळं उघडं पडतं. म्हणून बाकीच्या गिऱ्हाइकांकडूनही बाकी लेखी कन्फर्म करून घ्या, आणि ते पत्र त्या माणसाच्या हातून जाता कामा नये. एसीएफई या फसवणूक तपासणाऱ्यांच्या संघटनेच्या २०२४ च्या रिपोर्टमध्ये ४३ टक्के प्रकरणं कुणीतरी सांगितल्यामुळे उघडकीस आली होती, त्यामुळे ऑफिसमधल्या लोकांनाही शांतपणे विचारा.

तोपर्यंत त्याला चोर म्हणू नका, ग्रुपवर तर अजिबात नाही. गिऱ्हाईकही वेळ काढायला खोटं बोलतं, आणि एका निरपराध माणसाची नोकरी आणि नाव दोन्ही जातं, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. त्या वसुलीच्या माणसाला दोन माणसांच्या समोर बसवा, कागद दाखवा, त्याचं म्हणणं लिहून घ्या, दमदाटी करून कबुली घेऊ नका.

गिऱ्हाइकाला पत्र पाठवताना ज्या रकमेबद्दल वाद नाही ती आधी मागा, बाकीच्या रकमेसाठी आमचे हक्क राखून असं स्पष्ट लिहा. पोलिसात तक्रार दिली म्हणजे वसुलीच्या दाव्याची मुदत थांबली असं धरू नका, वकिलाकडून तारीख काढून कॅलेंडरवर लिहा. कर्मचाऱ्याच्या अफरातफरीचा विमा असेल तर विमा कंपनीला लगेच कळवा, उशीर झाला म्हणून क्लेम नाकारू शकतात.

आणि तो माणूस आता आमच्यातर्फे पैसे घेणार नाही हे सगळ्या गिऱ्हाइकांना आजच लेखी कळवा, कारण जोवर त्यांना माहीत नाही तोवर त्याच्या हातात दिलेला पुढचा चेकही तुमच्याच खात्यावर मांडला जाऊ शकतो.